माल्टाहून बाबांना पत्र

तीर्थरूप बाबांस,

साष्टांग नमस्कार, विनंती विशेष.

मागे फोनवर तुम्ही विचारले होते, की रोज बोटीने कामाला जातेस, तर वाटेत दिसते तरी काय. तेव्हा घाईत होते, म्हणून 'पाणी आणि दगड' एवढे सांगून मोकळी झाले. खरे उत्तर लांबलचक आहे आणि ते तुम्हांलाच सांगण्यासारखे आहे, म्हणून हे पत्र.

स्लीमाहून व्हॅलेटाला जाताना उजव्या हाताला मॅनोएल नावाचे छोटे बेट लागते. त्याच्या दक्षिण काठावर पिवळसर दगडाची, लाझारेटो नावाची जुनी इमारत आहे. पूर्वी प्लेगच्या भीतीने परदेशी जहाजांवरच्या माणसांना येथे वेगळे ठेवत. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश आरमाराच्या पाणबुड्यांचा तळ येथेच होता, आणि १९४१ च्या जानेवारीपासून पुढे सव्वा वर्ष 'अपहोल्डर' ही पाणबुडी येथूनच गस्तीवर निघत असे. तिचा कप्तान माल्कम डेव्हिड वँक्लिन. जन्म १९११ चा, आणि तोही कलकत्त्याचा. चौदाव्या वर्षी तो आरमाराच्या निवड मंडळापुढे उभा राहिला तेव्हा त्याच्या डोळ्यांत रंगांधळेपणाचा दोष होता, आणि तरीही तो निवडला गेला. हे वाचले आणि मला तुम्ही आठवलात. नौदलाच्या वैद्यकीय तपासणीत रंग ओळखता आले नाहीत म्हणून तुम्हांला परत पाठवले, ही गोष्ट आम्ही लहानपणापासून ऐकत आलो. तुम्ही ती हसत हसत सांगता; पण जहाजाचे चित्र असलेले एकही जुने कॅलेंडर तुम्ही रद्दीत जाऊ दिलेले नाही, हे आईला आणि मला दोघींनाही ठाऊक आहे.

अपहोल्डर काही मोठी नव्हती. लांबी अठ्ठावन्न मीटर, आत तीसेक माणसे. या जातीच्या पाणबुड्या मुळात सरावासाठी म्हणून आखलेल्या होत्या. पाण्यावर त्यांचा वेग ताशी अकरा सागरी मैलांच्या आसपास, म्हणजे सैनिक वाहून नेणाऱ्या कोणत्याही मोठ्या जहाजाहून कमी. सावजाचा पाठलाग करणे शक्यच नाही. ते कोणत्या वाटेने येईल याचा अंदाज बांधून आधीच तेथे जाऊन बसायचे, आणि समोरून गेले की गेले. माल्टाचे महत्त्वही या वाटेमुळेच होते. उत्तर आफ्रिकेत लढणाऱ्या जर्मन सेनापती रोमेलच्या फौजेला लागणारे पेट्रोल, रणगाडे आणि माणसे इटलीहून समुद्रमार्गे लिबियातल्या त्रिपोलीला जात, आणि हे बेट त्या वाटेच्या अगदी कडेला आहे.

वँक्लिनची सुरुवात बरी झाली, पण पुढच्या काही गस्तींत त्याचे टॉर्पेडो, म्हणजे पाण्याखालून जाऊन जहाजावर आदळणारे स्फोटक, सारखे चुकत राहिले. वेढल्या गेलेल्या बेटावर टॉर्पेडो मोजकेच होते, त्यामुळे या माणसाला कप्तान म्हणून ठेवावे की नाही, असा प्रश्न तळाचा प्रमुख जॉर्ज सिम्प्सन याला पडला. त्याने वाट पाहिली. माझ्या मते या साऱ्या हकिकतीत सर्वांत अवघड निर्णय हाच होता, आणि तो वँक्लिनचा नव्हता.

२४ मे १९४१ च्या संध्याकाळी, सिसिलीच्या किनाऱ्याजवळ, विनाशिकांच्या पहाऱ्यात दक्षिणेकडे निघालेला सैनिकी जहाजांचा ताफा त्याला दिसला. उजेड मावळत चालला होता, त्यामुळे पेरिस्कोपमधून, म्हणजे पाण्याखालून वरचे पाहण्याच्या नळीतून, नीट दिसेना; पाण्यावर यावे तर शत्रूला लगेच दिसणार; आणि पाण्याखालून आवाज टिपणारे यंत्र नेमके बंद पडलेले. म्हणजे डोळे अर्धे आणि कान मुळीच नाहीत. तरीही तो जवळ गेला. टॉर्पेडो सोडणार तोच अंधारातून एक विनाशिका भरधाव अंगावर आली. ती जेमतेम चुकवून त्याने पुन्हा नेम धरला आणि 'कोंते रोसो' हे सुमारे अठरा हजार टनांचे जहाज बुडवले. त्यानंतरच्या वीस मिनिटांत त्याच्या आसपास सदतीस डेप्थ चार्ज टाकले गेले. हे बाँब पाण्यात ठरवलेल्या खोलीवर जाऊन फुटतात. थेट लागले नाहीत तरी त्यांच्या धक्क्याने पाणबुडीचे कवच फुटू शकते. बाबा, सरासरी काढली तर दर बत्तीस-तेहतीस सेकंदांना एक, आणि शिकारी कोणत्या बाजूला आहे हे ऐकायला यंत्र नाही. या कामगिरीसाठी त्याला डिसेंबरमध्ये व्हिक्टोरिया क्रॉस हे ब्रिटनचे शौर्यपदक जाहीर झाले. कोंते रोसोवरचे तेराशेच्या आसपास लोक त्या रात्री बुडाले, आणि म्हणून 'पराक्रम' हा शब्द लिहिताना माझा हात थोडा अडखळतो.

तुम्हांला हिशेबाची आवड आहे, म्हणून सप्टेंबरची हकिकत मुद्दाम सविस्तर लिहिते. १८ तारखेच्या पहाटेपूर्वी तीन मोठी जहाजे त्रिपोलीकडे निघालेली, आणि अपहोल्डरचे गायरो होकायंत्र, म्हणजे वेगाने फिरणाऱ्या चक्रावर चालणारे, बिघडलेले. साध्या चुंबकी होकायंत्रावर पाणबुडी सरळ राहीना. तिचे नाक सारखे डावीउजवीकडे झुलत होते. अंतर साडेचार किलोमीटरच्या आसपास. एवढे अंतर कापायला टॉर्पेडोला तीन मिनिटांहून अधिक वेळ लागतो आणि तेवढ्यात जहाज दीड किलोमीटर तरी पुढे सरकते, म्हणजे नेम जहाजावर धरायचाच नाही, पुढच्या रिकाम्या पाण्यावर धरायचा. एरवी झुलणाऱ्या नाकाने नेम बिघडला असता. वँक्लिनने त्या झुलण्याचाच उपयोग करून घेतला: नाक एका जहाजाच्या रेषेत आले तेव्हा टॉर्पेडो सोडला, दुसऱ्याच्या रेषेत आले तेव्हा पुढचा, असे चार. 'नेप्चूनिया' बुडाले, 'ओशिआनिया' जागीच थांबले. उजाडल्यावर तो परतला, विनाशिकांना चुकवत जहाजाच्या खालून पलीकडे गेला आणि त्या बाजूने ते बुडवले. दोन्ही जहाजे प्रत्येकी सुमारे साडेएकोणीस हजार टनांची. सुदैवाने बहुतेक सैनिकांना विनाशिकांनी पाण्यातून उचलले.

या सगळ्यात रंग कोठे आला, याचा मी पुष्कळ विचार केला. युद्धात रात्री जहाजे दिवे लावत नाहीत; ना डावीकडचा लाल, ना उजवीकडचा हिरवा. पेरिस्कोपमधून काही सेकंद दिसतो तो काळा आकार, डोलकाठीची उंची आणि नाकाड्याचा कोन. ज्या परीक्षेने तुम्हांला अडवले, तिचा या कामाशी फारसा संबंध मला तरी दिसत नाही. आरमाराला तो दिसत असेल. बंदरात शिरताना तरी दिवे ओळखावेच लागतात.

१९४२ च्या एप्रिलमधली पंचविसावी गस्त ही मायदेशी परतण्यापूर्वीची शेवटची ठरलेली होती. अपहोल्डरवर आलेला कॅप्टन विल्सन नावाचा एक लष्करी अधिकारी समुद्रातच 'अनबीटन' या दुसऱ्या पाणबुडीवर गेला, आणि तेवढ्यामुळे वाचला. १४ एप्रिलच्या सुमारास अपहोल्डर सर्व माणसांसह नाहीशी झाली. त्रिपोलीजवळ 'पेगासो' या इटालियन नौकेने तिला बुडवले, असे पुष्कळ जण मानतात. वँक्लिन तीस वर्षांचा होता. त्याचे लग्न माल्टातच झालेले होते आणि मागे बायको व लहान मुलगा होते. दुसऱ्याच दिवशी, १५ एप्रिलला, इंग्लंडच्या राजाने साऱ्या माल्टा बेटाला जॉर्ज क्रॉस हा शौर्याचा सन्मान दिला. तो आजही येथल्या राष्ट्रध्वजाच्या कोपऱ्यात आहे.

तपासणीच्या दिवशी तुम्हांला दिवे दाखवले होते की ठिपक्यांचे आकडे, हे मी कधी विचारलेच नाही. आणि तुम्ही काय सांगितलेत? पुढच्या पत्रात सविस्तर लिहा. आईस साष्टांग नमस्कार.

तुमची लेक