तुझ्या गोष्टीतलं टाइम मशीन काढून टाक

प्रिय मंद्या,

दिवाळी अंकासाठी लिहिलेली तुझी गोष्ट वाचली, फोनवर एवढं सगळं बोलता आलं नसतं म्हणून लिहायलाच बसलो. आजी तर एकदम खरी उतरलीये. पण नायक मशीनमध्ये बसून १९७२ च्या दुष्काळात जातो तिथे माझा मूड गेला, कारण मशीन कसं चालतं त्याचा नियमच नाही आणि मग तुला सोयीचं पडेल ते होत जातं. काहीही होऊ शकतं म्हटल्यावर वाचकाचा जीव कशात अडकणार रे?

तू केमिस्ट्रीवाला, म्हणून विचारतो, विज्ञानकथा लिहिणाऱ्या आयझॅक असिमोव्हचं थायोटिमोलिन, म्हणजे त्याने कल्पनेतून बनवलेलं एक रसायन, त्यावरचं वाचलंयस का? मार्च १९४८ च्या 'अस्टाउंडिंग सायन्स फिक्शन' मासिकात आलं होतं, आणि ती नेहमीसारखी गोष्ट नाहीच, चक्क खोटा रिसर्च पेपर आहे, टेबलं, आलेख, संदर्भ सगळं. तो तेव्हा कोलंबिया युनिव्हर्सिटीत पीएचडी करत होता. कॅटेकॉल नावाचं रसायन पाण्याला टेकल्याटेकल्या विरघळायचं ते बघून त्याला वाटलं, अजून जरा घाई केली आणि पाणी लागायच्या आधीच विरघळलं तर? बास, एवढंच. थायोटिमोलिन पाणी पडायच्या १.१२ सेकंद आधी विरघळतं. रेणूमध्ये इतकी दाटी की कार्बनचा एक बॉंड (अणूंना जोडणारा बंध) भूतकाळात गेलाय आणि एक भविष्यात.

डोळ्यासमोर आण ना, टेस्ट ट्यूबच्या तळाशी चिमूटभर पांढरी पावडर, वर ब्युरेट, म्हणजे थेंब थेंब सोडणारी तोटीची काचनळी, तिचा नॉब तुझ्या बोटात, थेंब अजून सुटलेला नाही आणि पावडर गायब! आता तू म्हणशील, मग मी नॉब फिरवणारच नाही, काय करेल? तर ओतणाऱ्याच्या मनात किंतु असेल तर ती आधी विरघळतच नाही, तिला तुझा इरादा पक्का लागतो. एक नियम मोडला पण बाकी हिशोब चोख ठेवला, मला हे प्रचंड आवडतं.

१९६० च्या लेखात तो अजून पुढे गेला. एका ट्यूबमधली पावडर विरघळली की दुसरीत पाणी सुटेल अशी साखळी लावायची, असे ७७ हजार जोडले की पूर्ण एक दिवस आधी कळतं (गुणाकार करून बघ, जवळपास बरोबर येतो). आणि पावडर विरघळल्यावर पाणी ओतायचंच नाही असं ठरवलं तरी पाणी येतंच, वादळ येईल, पूर येईल, पण ट्यूबपर्यंत पोचणारच. पुढे नोव्हिकोव्ह या रशियन शास्त्रज्ञाने साधारण हेच सिरियसली मांडलं, की भूतकाळात जाता आलं तरी जे घडलं त्याला छेद देणारं काही घडूच शकत नाही.

आणि थायोटिमोलिन खोटं असलं तरी परिणाम आधी, कारण नंतर हा प्रश्न नुसता कल्पनेतला आहे असं समजू नकोस. प्रकाशाच्या, रेडिओच्या लहरी ज्यांनी मांडतात त्या मॅक्सवेलच्या समीकरणांना काळाची दोन्ही टोकं सारखीच, भविष्यातून मागे येणारी लहर पण त्यांना चालते. १९४५ मध्ये व्हीलर आणि फाइनमन हे भौतिकशास्त्रज्ञ म्हणाले की अर्धी लहर खरंच मागे जाते, फक्त विश्वातलं सगळं शोषणारं मॅटर तिला पुसून टाकतं. मग कोणत्या विश्वात हे पुसणं नीट जमतं हा प्रश्न आपल्या नारळीकरांनी केंब्रिजला खगोलशास्त्रज्ञ फ्रेड हॉइलबरोबर सोडवायला घेतला, आणि त्यांच्या गणितात स्थिर स्थितीच्या, म्हणजे सुरुवात नसलेल्या आणि कायम सारखंच दिसणाऱ्या विश्वात ते जमलं, कायम प्रसरण पावणाऱ्या महास्फोटाच्या विश्वात नाही. म्हणजे कारण आधी आणि परिणाम नंतर ही आपल्याला गृहीत वाटणारी गोष्ट अख्ख्या विश्वाच्या रचनेवर टेकलेली असू शकते! कोल्हापूरला जन्मलेला माणूस यावर काम करत होता, आणि आपण गोष्टीत मशीनचं बटण दाबून मोकळे होतो, मला ते सहन होत नाही.

म्हणून म्हणतो, नायकाला मागे पाठवूच नकोस. आजीलाच १९७२ मध्ये खडी फोडताना राहू दे आणि तिच्याकडे पाऊस पडायच्या एक दिवस आधी विरघळणारी पावडर दे, तुझी स्वतःची, नाव पण तूच ठेव. ती रोज कुपी बघते, पावडर तशीच. मग एका सकाळी विरघळलेली दिसते, पण पाणी पावसाचंच येईल असं नियमात कुठे म्हटलंय? टँकर उलटला, तलावाचा बांध फुटला, तरी नियम पाळला गेलाच की. गावाला सांगायचं की नाही, हे तिने ठरवायचं. तिथे तुझी गोष्ट आहे बघ.

केमिस्ट्री कच्ची ठेवू नकोस, बॉंडचं कारण तुझ्याइतकं चांगलं कोण लिहिणार. संपादकांकडून आठवडाभर मागून घे आणि नवीन ड्राफ्ट आधी मला पाठव, रात्री कितीही वाजता.

तुझा,
सुहास