तुझ्या घरात एक कोनाडा हवाय

अमळनेर,
श्रावण, कानबाईचा सोमवार

प्रिय आबा,

कसा शे भाऊ? आज सकाळी आमच्याकडची कानबाई उठली. तिला निरोप द्यायला बोरी नदीपर्यंत जाऊन आलो, रोट खाल्ले, आणि दुपारी सगळे आडवे झाल्यावर हे पत्र घेऊन बसलोय. फोन करता आला असता, पण तुझ्याकडे एक मागणं आहे आणि तुला एक गोष्ट कबूल करायची आहे. दोन्ही फोनवर नीट होणार नाहीत.

मागणं आधी सांगतो. तुझ्या नाशिकच्या घरात मला एक कोनाडा हवाय. जेवणाच्या डब्याएवढं एक यंत्र ठेवायचं आहे, आमच्या फोटो-व्हिडिओंची एक प्रत सांभाळणारं. त्याला विजेचा एक प्लग लागेल आणि तुझ्या राउटरमधलं एक रिकामं पोर्ट. बाकी तुला काही करावं लागणार नाही.

आता कबुली. आई गेल्यावर तू माझ्याकडे त्यांचा आखाजीचा व्हिडिओ मागितला होतास. २०१७ ची आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, आमच्या दारातल्या निंबाला झोका बांधलेला, तुझी आई आणि माझी माय समोरासमोर बसून गाणी म्हणतायत. मी पाठवला तो धूसर होता, आवाज फाटका होता. तू म्हणालास, जुना फोन असेल. मी हो म्हटलं. फोन जुना नव्हता, आबा. मूळ चित्रीकरण स्वच्छ होतं आणि ते माझ्या हातून गेलं होतं.

झालं असं. २०१९ मध्ये मी घरात सर्व्हर, म्हणजे सगळ्यांच्या फाइली एका जागी ठेवणारा संगणक, बसवला, जळगावहून आणलेल्या एका जुन्या ऑफिसच्या संगणकावर. त्यात चार-चार टीबीच्या दोन हार्डडिस्क, एकमेकींचा आरसा. एकीवर लिहिलं की तेच दुसरीवर. एक मेली तरी दुसरी आहे, अशी माझी खात्री होती. घरातल्या सगळ्यांच्या फोनचे फोटो आपोआप त्यावर जायचे आणि दोन्हीकडचं सारखं राहायचं. २०२१ मध्ये हिचा फोन भरला, हिने मोठे मोठे व्हिडिओ पुसून जागा केली. फोनमधून गेलं म्हणून सर्व्हरवरूनही गेलं, आणि एका डिस्कवरून गेलं त्याच क्षणी दुसरीवरूनही. मला कळलं तीन आठवड्यांनी. तुला पाठवलेली प्रत ताईच्या फोनमधली होती. त्या आखाजीच्या वर्षी तिने मागितली म्हणून मी ती मेसेजवर पाठवली होती, पाठवताना दबून लहान झालेली. ती तिच्याकडे राहिली नसती तर आईंचा आवाज आज कुठेच नसता.

तेव्हापासून मी हा विषय सोडलेला नाही. डिस्कची अशी जोडी बांधण्याला रेड म्हणतात. १९८८ मध्ये बर्कली विद्यापीठाच्या पॅटरसन, गिब्सन आणि कॅट्झ या तिघांनी त्यावर निबंध लिहिला. त्यांचं म्हणणं होतं की एका महागड्या मोठ्या डिस्कचं काम स्वस्त छोट्या डिस्क मिळून करतील, आणि त्यातली एखादी मेली तरी काम थांबू नये म्हणून थोडी जादा जागा राखून ठेवायची. काम थांबू नये, एवढंच. चुकून पुसलेलं परत मिळेल असं त्यांनी कुठे म्हटलेलं नाही. आरशासमोर उभं राहून कपाळावरचा टिळा पुसला तर आरशातलाही पुसला जातो. मी आरशाला दुसरा माणूस समजत होतो.

आता सर्व्हरवर झेडएफएस आहे. सन मायक्रोसिस्टिम्समध्ये तयार झालेली ही फाइल साठवायची पद्धत २००५ मध्ये सगळ्यांसाठी खुली झाली. तिचा एक गुण मला फार आवडतो. ती जुन्या लिहिलेल्यावर नवीन गिरवत नाही. नवीन मजकूर रिकाम्या जागी लिहिते आणि सगळा लिहून झाला की मगच जुनी जागा सोडते. त्यामुळे लिहिता लिहिता वीज गेली तरी अर्धवट फाइलचा चिखल होत नाही. आणि त्यामुळेच स्नॅपशॉट, म्हणजे त्या क्षणीच्या सगळ्या फाइलींची नोंद, जवळजवळ फुकट पडतो: 'या क्षणी जे आहे ते सोडू नकोस' एवढंच तिला सांगायचं. माझ्याकडे दर तासाचा स्नॅपशॉट एक दिवस राहतो, रोजचा एक महिना, महिन्याचा एक वर्ष. २०२१ मध्ये हे असतं तर तीन आठवड्यांनीही मी ते गाणं दोन मिनिटांत परत आणलं असतं.

मागच्या महिन्यात धुळ्याला राजवाडे संशोधन मंडळात गेलो होतो. राजवाड्यांनी गावोगाव पायपीट करून लोकांच्या घरांतून जुनी दप्तरं गोळा केली. १९२६ च्या अखेरीस ते धुळ्यातच गेले, आणि पुढच्याच वर्षी हे मंडळ उभं राहिलं. तिथे उभा असताना मनात आलं की त्या कागदांना कुणी हात लावला नाही म्हणूनही त्यातले कितीतरी टिकले. पेटाऱ्यात पडले, वाळवी लागली नाही, दोनशे वर्षांनी उघडले तर मोडी अक्षर जसंच्या तसं. आपल्या डिस्कला हे चालत नाही. ती पेटाऱ्यात टाकून विसरलास तर दहा वर्षांनी फिरेल याचा भरवसा नाही. तिच्याकडे लक्ष ठेवावं लागतं, तिच्यावरचं वाचून बघावं लागतं.

म्हणून दर महिन्याला सर्व्हर स्वतःची झडती घेतो. झेडएफएस प्रत्येक तुकडा लिहिताना त्याची एक बेरीज वेगळी टिपून ठेवते, दुकानदार पानाच्या तळाशी मांडतो तशी. झडतीत तुकडा वाचायचा, बेरीज पुन्हा करायची, जुळली नाही तर दुसऱ्या डिस्कवरून खरा तुकडा आणून तिथे लिहायचा. यंदाच्या आखाजीनंतरच्या झडतीत असे तीन तुकडे निघाले. डिस्क वरून ठणठणीत होती, फाइलीही उघडत होत्या. नुसता आरसा असता तर दोन प्रतींतली खरी कोणती हे त्याला सांगता आलं नसतं.

पुढे त्याच डिस्कचे खराब सेक्टर, म्हणजे लिहिण्याचे कप्पे, वाढायला लागले म्हणून ती बदलली. बदलताना आणखी एक शिकलो, तुलाही उपयोगी पडेल. डिस्क घेताना ती एसएमआर आहे की सीएमआर हे विचारून घे. एसएमआरमध्ये जास्त माल मावावा म्हणून लिहिलेल्या पट्ट्या एकमेकींवर चढवलेल्या असतात, छपरावरच्या कौलांसारख्या. मधलं एक कौल बदलायचं तर त्यावर चढलेली सगळी उचलावी लागतात. एकदा भरून ठेवायला ती ठीक आहे, पण मेलेल्या डिस्कच्या जागी बसवून सगळं नव्याने भरायचं तर दिवसच्या दिवस जातात, आणि तेवढे दिवस तू एकाच डिस्कवर उघडा असतोस. मी सीएमआर घेतली, तिच्यात पट्ट्या शेजारी-शेजारी असतात. आणि हो, चारची डिस्क घेऊन तीन पॉइंट त्रेसष्टच दिसली तर दुकानदाराशी भांडू नकोस. बनवणारे हजाराने मोजतात, संगणक एक हजार चोवीसने.

आपल्याकडे खरा वैरी ऊन आहे. सुरुवातीला सर्व्हर वरच्या पत्र्याच्या खोलीत होता. मे महिन्यात बाहेर ४४ चढलं की डिस्क ५६ वर जायची, आणि बहुतेक डिस्कची मर्यादा ६० असते. पंखे बदलले, झाकण काढून ठेवलं, काही फरक पडेना. शेवटी मायच म्हणाली, धाब्याच्या खोलीत ठेव. तुला आठवते ना ती मागची खोली, जाड भिंती, वर मातीचं धाबं, आपण उन्हाळ्यात तिथे पत्ते कुटायचो? तिथे नेल्यापासून ऐन मे महिन्यातही डिस्क ४७-४८ च्या वर गेलेली नाही. धाब्यातून माती झरते, म्हणून यंत्रावर चौकट करून त्यावर मलमल ताणलीय आणि दर पंधरा दिवसांनी ब्रशने झाडतो. शेजारी एक यूपीएस आहे. इन्व्हर्टर चालू होईपर्यंतचा क्षणभराचा खंडसुद्धा यंत्र बंद पाडायला पुरतो, म्हणून ती लागतेच. पाच मिनिटांत वीज आली नाही तर सर्व्हर स्वतःच नीट बंद होतो. विजेचं म्हणशील तर सगळं मिळून ३० वॉट, म्हणजे महिन्याला एकवीस-बावीस युनिट.

केबलने मात्र मला खूप दिवस छळलं. राउटर पुढच्या खोलीत, सर्व्हर मागे, मधे तीस मीटर. दुकानातून 'कॅट सिक्स' म्हणून रीळ आणलं, टाकलं, आणि वेग काही केल्या सेकंदाला अकरा एमबीच्या पुढे जाईना. गिगाबिटवर, म्हणजे हजार मेगाबिटच्या जोडणीवर, एकशे दहा तरी मिळायला हवेत. त्या हिशोबाने माझं ९०० जीबीचं सामान घरातल्या घरात अडीच तासांत हलायला हवं, ते बावीस तास घेत होतं. अकरा हा आकडाच कारण सांगतो: शंभर मेगाबिटच्या जोडणीवर जवळपास एवढाच वेग मिळतो. केबलमध्ये तारांच्या चार जोड्या असतात. गिगाबिटला चारही लागतात, शंभर मेगाबिटला दोनच पुरतात, नारिंगी आणि हिरवी. निळ्या किंवा तपकिरी जोडीतली एक तार तुटली तरी दोन्हीकडची यंत्रं निमूट शंभरवर येतात आणि दिवा हिरवाच राहतो. माझी निळी गेली होती. तार चाकूने खरवडली तर तांब्याच्या मुलाम्याखाली पांढरं ॲल्युमिनियम. पिरगळलं की तुटतं. मग शुद्ध तांब्याची साधी कॅट फाइव्ह ई आणली. शंभर मीटरपर्यंत गिगाबिटला ती पुरून उरते. घरात याहून भारी केबलची गरज नाही, भारी नाव छापलेल्या खोट्या केबलची तर नाहीच.

आता मूळ मुद्द्यावर येतो. सर्व्हरची दुसरी प्रत मी एका सुट्या डिस्कवर काकांकडे ठेवतो, दर रविवारी बदलून. पण काकांचं घर आमच्याच गल्लीत. आग लागो, चोरी होवो, बोरीला पूर येवो, दोन्ही घरांचं दैव एकच. जाणकार सांगतात, तीन प्रती हव्यात, दोन वेगवेगळ्या प्रकारच्या साधनांवर, आणि त्यातली एक दुसऱ्या ठिकाणी. माझी दुसऱ्या ठिकाणची प्रत म्हणजे तुझा कोनाडा.

भाड्याच्या क्लाउडवर का नाही, असं तू विचारशील. ठेवता येतं, वाईट नाही. पण दर महिन्याला पैसे भरायचे, आणि मी नसलो तर पोरं ते भरतील का, कुठे भरायचे हे त्यांना ठाऊक असेल का? तुझं घर मात्र त्यांना ठाऊक आहे.

नाशिकला माल कसा पोचणार तेही ठरवलंय. माझ्या लाइनचा अपलोड पन्नास मेगाबिटचा, सगळं त्यातून सोडलं तर दोन दिवस लाइन तुंबून राहील. म्हणून पहिली प्रत इथेच भरून, टॉवेलात गुंडाळून, एसटीत मांडीवर घेऊन येतो, धुळे-मालेगावमार्गे. त्यानंतर रोज रात्री फक्त दिवसभरात बदललेलं तेवढं जाईल. झेडएफएसला दोन स्नॅपशॉटमधला फरक नेमका ठाऊक असतो, त्यामुळे बहुतेक रात्री काही मिनिटांचं काम.

वाटेतली अडचण पत्त्याची आहे. जुन्या पद्धतीचे इंटरनेट पत्ते एकूण ४२९ कोटी, जगाला कधीच अपुरे पडले. म्हणून कंपन्या शेकडो घरांना मिळून एकच बाहेरचा पत्ता देतात. तुझ्या राउटरच्या पानावर बाहेरचा पत्ता १०० ने सुरू होत असेल आणि पुढचा आकडा ६४ ते १२७ मधला असेल तर तूही त्यातलाच. अशा घराचं दार बाहेरून ठोठावता येत नाही. पण आतून बाहेर निघता येतं, म्हणून टेलस्केलसारखी सोय वापरतात. दोन्ही यंत्रं आतून बाहेर येतात, मधला एकजण त्यांची गाठ घालून देतो, आणि मग ती शक्यतो थेट बोलतात, वायरगार्डच्या बंद नळीतून. हे वायरगार्ड २०२० पासून लिनक्स या संगणकप्रणालीच्या गाभ्यातच आहे. तुझ्या राउटरमध्ये एकही दार उघडायचं नाही, आणि माझ्यासाठी कुणी उघडतो म्हणालं तर उघडू देऊ नकोस.

सगळं कुलूपबंद येईल. डिस्क तुझ्या घरात असली तरी किल्ली इथेच राहील, चोराने उचलून नेली तरी त्याला काही वाचता येणार नाही. आईंचा फोल्डर तेवढा मी वेगळा, बिनकुलपाचा ठेवतोय. तो तुझा आहे. त्यात आखाजीची ती प्रत आहे, आणि २०१५ च्या कानबाईची एक ध्वनिफीत सापडलीय, पाच-सहा मिनिटांची. तिच्यात आई मधेच हसतात. तुझ्या पोरांचे फोटो इथे ठेवायचे असतील तर धाब्याच्या खोलीत जागा आहे.

काल रात्री मी जागरण पूर्ण रेकॉर्ड केलं. माय आता ७९ ची. वरचा सूर लागत नाही, पण सुना दुसऱ्या कडव्याला अडल्या की अजून सगळ्या तिच्याकडेच बघतात. एका गाण्याला ती थांबली आणि म्हणाली, हे आबाच्या मायला पूर्ण यायचं. आम्ही अर्ध्यावरच सोडलं.

पोळा झाला की येतो. माय म्हणतेय, "आबाले सांग, मी वाट दखी ऱ्हायनी", म्हणजे परत जाताना तुला घेऊनच यायचंय असं धर. आणि तोवर एक काम कर. ताईला आजच फोन लाव आणि सांग, तिच्या जुन्या फोनमधलं काही म्हणजे काही पुसू नको. बंद पडला असेल तरी मोडीत देऊ नको. मी येताना तो घेऊन जाईन.

तुझा,
नाना