घरून काम, पण गावात लाइन पाह्यजे

संपादक महोदय,
मार्च 2020 मधी लॉकडाऊन लागलं अन् पुण्या-हैदराबादचे पोट्टे लॅपटॉप घेऊन गावाकडं आले, सकाळी वावरात चक्कर मारायचे मग दिवसभर मिटिंगा, बापाले दवाखान्यात न्यायले घरचं माणूस होतं अन् पगारही गावातल्याच दुकानात खर्च व्हायचा. आता बहुतेकायले कंपन्यांनी परत बोलावलं. काही अजूनही थांबायले तयार आहेत, पण लाइन कधी जाईल भरवसा नाही अन् भारतनेटची, म्हंजे गावोगावी इंटरनेट नेणाऱ्या सरकारी योजनेची, केबल ग्रामपंचायतीपासून घरापर्यंत कोण आणणार? सुनांचे तर लय हाल, घरी आहे म्हणून चूलही तिच्याच माथी अन् ऑफिसही, हे मले अजिबात पटत नाही. ग्रामपंचायतीनं वाचनालयाची एक खोली इन्व्हर्टर-वायफाय लावून द्यावी, पोरीसोरीही तिथं निवांत बसून काम करतील.

– एक कास्तकार, ता. दर्यापूर, जि. अमरावती