केऑसचं गणित नववीत का नको?

मा. संपादक,

केऑस थिअरी, म्हणजे सुरुवातीच्या बारीकशा फरकाने पुढे सगळंच बदलतं हे सांगणारं गणित, म्हटलं की लोक फुलपाखराच्या पंखांनी लांब कुठेतरी वादळ येतं ही गोष्ट सांगून मोकळे होतात, त्यामागचं गणित कुणी करूनच बघत नाही याचं फार वाईट वाटतं. शास्त्रज्ञ रॉबर्ट मे यांनी 1976 मध्ये 'नेचर' या विज्ञानपत्रिकेत ज्या समीकरणावर लिहिलं ते नववीच्या पोरांना साध्या कॅल्क्युलेटरवर जमेल. किड्यांची संख्या 0 ते 1 मध्ये (1 म्हणजे जास्तीत जास्त) धरायची, 1 मधून ती वजा करून जे उरेल त्याने तिला गुणायचं, मग वाढीच्या दराने गुणायचं, उत्तर म्हणजे पुढच्या वर्षीची संख्या, तीच परत टाकायची, बस्स. दर 2.8 असेल तर आकडा 0.643 जवळ स्थिरावतो. 3.2 केला की एका वर्षी 0.799, पुढच्या वर्षी 0.513, परत 0.799, हे चालूच. आणि 3.9 केला की कसलाच पॅटर्न नाही! सुरुवातीला 0.200 ऐवजी 0.201 घेतलं तरी वीसेक फेऱ्यांत दोन्ही उत्तरांचा काही संबंध उरत नाही, आणि यात फासे नाहीत की नशीब नाही, नियम तोच आहे. दर वाढवत नेला की स्थिर आकड्याचे दोन, दोनाचे चार अशी होणारी ही फूट नंतर द्रव हेलियमच्या प्रयोगात दिसली, कोंबडीच्या गर्भातल्या हृदयपेशींमध्ये पण दिसली. हे मुलांना लवकर शिकवा असं मे तेव्हाच कळकळीने सांगत होते. आपल्या गणिताच्या पुस्तकात एक पान तरी द्या ना, प्रत्येक समीकरणाचं उत्तर सुतासारखं सरळ येतं हा समज पोरांच्या डोक्यात दहावीपर्यंत पक्का बसतो.

– एक वाचक, सातारा