विणकरीण म्हणा

महोदय,

हातमागावरच्या बातम्यांत ‘विणकर आणि त्यांच्या घरच्या बायका’ अशी वाटणी वाचली की वाईट वाटते. २०१९-२०च्या हातमाग गणनेनुसार देशातल्या विणकर व पूरक कामगारांत सुमारे ७२ टक्के महिला आहेत. पैठणीच्या पदरावर मोर उमटवताना प्रत्येक रंगाची वेगळी तिल्ली (धाग्याची छोटी गुंडाळी) तार मोजून हाताने घालावी लागते. याला ‘घरच्यांना हातभार’ कसे म्हणायचे? कुंभारीण, सुतारीण या शब्दांत पुष्कळदा ‘त्याची बायको’ एवढाच अर्थ उरला. ‘विणकरीण’ म्हणजे मात्र स्वतः मागावर बसणारी. ७ ऑगस्टच्या राष्ट्रीय हातमाग दिनाच्या बातमीत हाच शब्द तिच्या नावासह छापावा, ही कळकळीची विनंती.

— एक वाचक, नाशिक