तिच्याही वाट्याला थोडी खोडी येऊ दे

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

तुमच्या पुरवणीत मुलांच्या नवीन पुस्तकांची ओळख येते ती मी नेमाने वाचते. गेल्या काही वर्षांत त्यात व्हीलचेअर वापरणारी, न दिसणारी, ऐकू न येणारी, ऑटिझम असलेली मुलं ज्यात आहेत अशी पुस्तकं वाढलीत, ते बघून खरंच बरं वाटतं. माझी मुलगी आठ वर्षांची आहे, तिला जन्मापासून खूप कमी ऐकू येतं, दोन्ही कानांना मशीन आहे, त्यामुळे असं एखादं पुस्तक निघालं की ते आमच्या घरी येतंच. पण एक गोष्ट बरेच दिवस मनात आहे, ती आज लिहायचीच असं ठरवलं.

मध्यंतरी आम्ही दोघी शाळेची एक गोष्ट वाचत होतो. कानात मशीन घातलेली मुलगी नवीन वर्गात येते, सुरवातीला तिच्याशी कोणी बोलत नाही, मग एक समजूतदार मुलगा तिला शेजारी बसवून घेतो आणि शेवटच्या पानावर अख्खा वर्ग तिच्यासाठी टाळ्या वाजवतो. चित्रं सुंदर, हेतू चांगला, सगळं खरं. माझ्या मुलीने पुस्तक मिटलं आणि विचारलं, "आई, पण हिने काय केलं?" मी परत पानं उलटून बघितली तर खरंच, तिने काहीच केलं नव्हतं. ती आली, रडली, मग हसली, बाकी सगळं इतरांनी केलं. गोष्ट तिची नव्हतीच, गोष्ट त्या समजूतदार मुलाची होती, ती फक्त त्याला चांगलं वागायला मिळावं म्हणून तिथे बसवलेली होती.

आणि शाळेतल्या साहसाची जी खरी मजेची पुस्तकं असतात, चोरून गच्चीवर जाणं, हरवलेली ट्रॉफी शोधणं, बंद खोलीतला आवाज कसला ते बघायला जाणं, त्यात सगळी मुलं धडधाकट. म्हणजे एका कप्प्यात समावेश आणि दुसऱ्या कप्प्यात साहस, आणि माझी मुलगी दरवेळी दुसऱ्या कप्प्याकडे हात करते, जिथे ती नाहीये.

रुडिन सिम्स बिशप नावाच्या अमेरिकेतल्या प्राध्यापक बाईंनी 1990 साली लिहिलं होतं की पुस्तकं मुलांसाठी आरसा असतात, खिडकी असतात आणि सरकतं काचेचं दारही असतात. आरसा आणि खिडकीबद्दल सगळे बोलतात, पण ते दार मागेच राहून जातं. दारातून मूल आत जातं, धावतं, पडतं, चुकतं, काहीतरी फोडतं. माझ्या मुलीला आरसा मिळालाय हो, पण त्यातली मुलगी हलतच नाही.

लेखकांना मसाला हवा असेल तर तो आमच्या घरात भरपूर आहे. ओरडा बसायला लागला की ही हळूच कानामागे हात नेऊन मशीन बंद करते आणि तोंडावर एकदम निष्पाप भाव. मैदानाच्या पलीकडे समोरच्या टीमचं काय ठरतंय ते ही ओठांवरून वाचून आपल्या टीमला येऊन सांगते. पण ओठ वाचणं म्हणजे काही जादू नाही, प, ब आणि म हे तिन्ही ओठांवर सारखेच दिसतात, त्यामुळे नुसते ओठ बघितले तर पाळ, बाळ आणि माळ यात काडीचा फरक कळत नाही, पुढचामागचा संदर्भ लावून ओळखावं लागतं. आता विचार करा, अशा एका शब्दाच्या घोटाळ्याने अख्खी टोळी भलत्याच ठिकाणी पोचली तर केवढी रंगतदार गोष्ट होईल, आणि त्यात ही चुकेल, भांडेल, मग तीच रस्ता काढेल. बिचारी कुठेच दिसणार नाही.

लुई ब्रेलचंच घ्या. मुलांच्या पुस्तकात तो नेहमी थोर पुरुष म्हणून येतो, पण तो पॅरिसच्या अंध मुलांच्या शाळेतला एक विद्यार्थी होता आणि 1824 च्या सुमाराला, 15 व्या वर्षी, त्याने बार्बिए नावाच्या माणसाची, बोटांनी चाचपून वाचायची 12 उठावदार टिंबांची पद्धत घेऊन ती 6 टिंबांवर आणली, एका बोटाखाली एक अक्षर मावेल अशी. पुढे तो तिथेच शिक्षक झाला. मग शाळेचे संचालक बदलले आणि या लिपीवर बंदी आली, तरी मुलं ती चोरून वापरत राहिली, एकमेकांना शिकवत राहिली, आणि शाळेने ती अधिकृतपणे स्वीकारली 1854 साली, ब्रेल जाऊन दोन वर्षं झाल्यावर. न दिसणाऱ्या मुलांची टोळी मोठ्यांपासून लपवून आपली लिपी वाचवते, शाळेतलं याच्याहून मोठं साहस कुठलं? ही गोष्ट त्या मुलांच्या बाजूने, त्यांच्या धाकधुकीसकट लिहिलेली मला वाचायचीय.

आता झोपतानाच्या कवितांबद्दल, कारण तिथे आमचं सगळं जगच वेगळं आहे. झोपायच्या वेळी मशीन काढून ठेवतात. म्हणजे ज्या वेळी बाकीच्या घरांत दिवा मालवून, मुलाला कुशीत घेऊन हळू आवाजात कविता सुरू होते, नेमकं त्याच वेळी माझ्या मुलीचं ऐकणं बंद होतं. आमच्याकडे दिवा चालू ठेवावा लागतो. ती कुशीत नाही, समोर बसते, कारण तिला माझा चेहरा आणि दोन्ही हात दिसायला हवेत, आणि पुस्तक उशीला टेकवून उभं करावं लागतं. हे मला स्वतः बहिऱ्या असलेल्या एका आईने शिकवलं, की आधी मुलीला चित्र बघू दे, तिची नजर वर येईपर्यंत थांब, मग हातांनी त्या शब्दाची खूण कर, कधी पानावरच कर, कधी तिच्या हातावर कर. ते थांबणं शिकायला मला खूप वेळ लागला.

यमक कानालाच कळतं असं मलाही वाटायचं. तसं नाहीये. खुणांच्या भाषेतल्या कवितांमध्ये हाताचा एकच आकार पुन्हा पुन्हा येतो आणि तेच त्यांचं यमक असतं, एका आकाराने चंद्राची खूण होते, त्याच आकाराने पान गळतं, त्याच आकाराने डोळा मिटतो. 1991 मध्ये पेटिटो आणि मॅरेंटेट या संशोधकांचा अभ्यास छापून आला होता, की बहिऱ्या आईवडिलांची बहिरी बाळं हातांनी बोबडं बोलतात, बाकीची बाळं तोंडाने बाबाबा करतात तसंच, लयीत. लय आधीपासून आत असते, फक्त तिला यायला रस्ता हवा. अशा कविता आपल्या मुलांसाठी कोणी लिहील का, खुणा जाणणाऱ्या बहिऱ्या कवींना सोबत घेऊन, चित्रांत हात काढून?

पुस्तक हातात पडण्याचाही प्रश्न आहेच. ज्यांना छापील वाचता येत नाही त्यांच्यासाठी ब्रेल, ऑडिओ वगैरे प्रती काढणं सोपं व्हावं म्हणून 2013 साली माराकेश नावाचा आंतरराष्ट्रीय करार झाला, तरी ब्रेलमध्ये किंवा ऑडिओत येणारी बहुतेक पाठ्यपुस्तकं, खोडकर गोष्टी फार थोड्या.

म्हणून तुम्हाला एक विनंती आहे. पुस्तकाची ओळख छापताना त्याची किंमत आणि पानं देता तसं ते ब्रेलमध्ये, ऑडिओत, मोठ्या अक्षरात किंवा खुणांच्या व्हिडिओसोबत मिळतं का हेही एका ओळीत द्या. आणि ओळख लिहिणाऱ्यांना सांगा, अशा पुस्तकातल्या मुलाबद्दल लिहिताना माझ्या मुलीच्या प्रश्नाचं उत्तर जरूर लिहा, हिने काय केलं?

आपली,
एक वाचक आई