इमू वेगळा, ईएमयू वेगळी

संपादक महोदय,

परवा आपल्या अंकात रेल्वेच्या बातमीत 'इमू' छापलेलं वाचून नात विचारू लागली, "आजी, पक्षी रुळांवर कसा?" तिला समजावलं: मुंबईची लोकल ती ईएमयू, म्हणजे इलेक्ट्रिक मल्टिपल युनिट. तिला वेगळं इंजिन नसतं, मोटारी डब्यांखालीच असतात. युरोपच्या चलनसंघाचीही आद्याक्षरं हीच.

इमू पक्षी ऑस्ट्रेलियाचा. गडद हिरवी अंडी नर सुमारे ८ आठवडे उबवतो, तेही जवळजवळ उपाशी राहून! आणि त्याचं नाव बहुधा पोर्तुगीज 'एमा'वरून आलेलं. आम्हां गोंयकारांना हे ठाऊक हवंच.

कृपया पक्ष्याला 'इमू' आणि आद्याक्षरांना 'ईएमयू' छापावं, ही कळकळीची विनंती.

एक निवृत्त शिक्षिका, फोंडा